मुदतीआधी बदली झाली तर: पुण्यातल्या शासकीय कर्मचाऱ्यासाठी मॅटपर्यंतची (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणापर्यंतची) वाट

घरी अंथरुणाला खिळलेली आई, मुलीची दहावी, बायकोची महापालिकेतली नोकरी. बदलीविरुद्धच्या बहुतेक अर्जांचा पहिला परिच्छेद असाच असतो, आणि निकालाच्या दृष्टीने तो जवळजवळ वाया जातो. १९९३ साली एस. एल. अब्बास यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयासमोर हेच मुद्दे होते. शिलाँगहून पौडीला बदललेल्या या केंद्रीय कर्मचाऱ्याची पत्नी शिलाँगलाच नोकरीत होती, मुले तिथेच शिकत होती, तब्येतही बरी नव्हती. न्यायालयाने सांगितले की पती-पत्नीला शक्यतो एका ठिकाणी ठेवावे ही मार्गदर्शक सूचना प्रशासनाने विचारात घ्यावी, पण तिच्या आधारे कर्मचाऱ्याला बदली रोखण्याचा हक्क मिळत नाही. त्याआधी १९९१ च्या शिल्पी बोस प्रकरणात कसोटी घालून दिलेली होतीच: वैधानिक नियमाचा भंग किंवा दुर्भावना दिसली तरच न्यायालय बदलीत हात घालील. सक्षम नसलेल्या अधिकाऱ्याने काढलेला आदेश पहिल्याच प्रकारात मोडतो.

महाराष्ट्रातल्या कर्मचाऱ्याची बाजू इतर अनेक राज्यांपेक्षा बळकट आहे, कारण इथे बदल्यांना निव्वळ परिपत्रके नसून विधिमंडळाने केलेला कायदा आहे. महाराष्ट्र शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध अधिनियम, २००५ हे त्याचे लांबलचक नाव. १ जुलै २००६ पासून तो लागू आहे. कार्यालयांत त्याला 'बदल्यांचा कायदा' एवढेच म्हणतात. या कायद्याने सांगितलेली एखादी पायरी तुमच्या नस्तीत, म्हणजे कार्यालयातल्या फाइलीत, गाळली गेली आहे का, हे शोधणे म्हणजेच बदलीविरुद्धची लढाई. पुढचे सगळे त्यासाठीच आहे.

आधी दार ठरवा

पुण्यात एकाच रस्त्यावर पाच वेगवेगळ्या मालकांचे कर्मचारी भेटतात आणि प्रत्येकाचे दार निराळे. चुकीच्या दारात गेलेले आठवडे स्थगितीच्या दृष्टीने परत मिळत नाहीत.

राज्य शासनाचा कर्मचारी, म्हणजे विभागीय आयुक्त कार्यालय, जिल्हाधिकारी कार्यालय, सेंट्रल बिल्डिंग किंवा साखर संकुलातली आयुक्तालये, नोंदणी व मुद्रांक, भूमी अभिलेख वगैरे: महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, अर्थात मॅट. पुणे जिल्ह्याची प्रकरणे मुंबईच्या मुख्य पीठाकडे जातात. पोलिसांचेही दार मॅटच, पण त्यांना बदल्यांचा कायदा नव्हे, तर महाराष्ट्र पोलीस अधिनियमातले कलम २२-न आणि पोलीस आस्थापना मंडळांची तरतूद लागू होते. मुदती वेगळ्या, सक्षम प्राधिकारीही वेगळा. पोलीस कर्मचाऱ्याने बदल्यांच्या कायद्यातल्या कलम ४(५) चा आधार घेऊन अर्ज लिहिला, तर पहिल्याच तारखेला पंचाईत होते.

जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक मॅटकडे जाऊ शकत नाहीत. त्यांच्या बदल्या ग्रामविकास विभागाच्या शासन निर्णयांनुसार होतात. आधी मुख्य कार्यकारी अधिकारी व विभागीय आयुक्तांकडे दाद, मग उच्च न्यायालयात रिट. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले असले, तरी पुणे जिल्हा त्यात नाही. पुण्याचे रिट मुंबईलाच.

महापालिका, पीएमपीएमएल, महावितरण यांच्यातले जे कर्मचारी 'कामगार' या व्याख्येत बसतात, त्यांच्यासाठी शिवाजीनगरचे औद्योगिक न्यायालय ही परंपरेने पहिली पायरी. १९७१ च्या कामगार संघटना मान्यता व अनुचित कामगार प्रथा प्रतिबंध कायद्याच्या चौथ्या अनुसूचीत, तिसऱ्या बाबीत, व्यवस्थापनाच्या धोरणाच्या नावाखाली दुर्भावनेने केलेली बदली ही अनुचित प्रथा म्हणून नोंदवलेली आहे. तक्रारीची मुदत ९० दिवस. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राची औद्योगिक संबंध संहिता अमलात आली असल्याने तक्रार कोणत्या कायद्याखाली आणि कोणत्या नमुन्यात टाकायची, हे मसुदा करण्याआधी कामगार न्यायालयात रोज उभ्या राहणाऱ्या वकिलाकडून पक्के करून घ्या. पर्यवेक्षक किंवा अधिकारी दर्जाच्या लोकांनी इथे जाऊच नये. त्यांना उच्च न्यायालय.

केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांसाठी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, मुंबई. राष्ट्रीयीकृत बँकांच्या अधिकाऱ्यांसाठी उच्च न्यायालय. तिथे कायद्याने ठरवलेला कार्यकाळ सहसा नसतो, बँकेचे बदली धोरण असते, आणि धोरणाच्या भंगावर स्थगिती मिळवणे कितीतरी अवघड. इथून पुढे राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांपुरते बोलू, कारण कायद्याचे खरे हत्यार त्यांच्याच हातात आहे.

कार्यकाळ मोजा, आणि बरोबर मोजा

कलम ३ नुसार गट अ, ब आणि क साठी पदावधी तीन वर्षांचा. गट क मध्ये मात्र एक मोठा फरक आहे आणि तो कित्येकांच्या लक्षातच येत नाही: मंत्रालयाबाहेरच्या कार्यालयांतल्या गट क कर्मचाऱ्याची बदली त्या कार्यालयात दोन पूर्ण पदावधी, म्हणजे सहा वर्षे, झाल्यावर व्हायची. सेंट्रल बिल्डिंगमधल्या एखाद्या वरिष्ठ लिपिकाला सव्वातीन वर्षांनी 'तुमची तीन वर्षे भरली' असे सांगून हलवले, तर ती मुदतपूर्व बदली आहे. तो बिचारा स्वतःही तीन वर्षे भरली असेच समजून गप्प बसतो.

गट ड ला ठरलेला पदावधी नाही, पण त्यांचे संरक्षण उलट अधिक आहे. स्वतःची विनंती आणि तिथे रिक्त पद, आपसी बदली, किंवा गंभीर स्वरूपाची ठोस तक्रार, एवढी तीन कारणे सोडली तर शिपायाला त्या ठिकाणाहून बाहेर हलवता येत नाही.

मोजताना पुढचे कागद समोर ठेवा: सध्याच्या पदावरचा पदस्थापना आदेश, रुजू अहवाल, सेवापुस्तकातली नोंद. पदावधी आदेशाच्या तारखेपासून नव्हे, रुजू झाल्याच्या तारखेपासून धरा. मध्येच पदोन्नती झाली असेल, तर कोणत्या तारखेपासून मोजायचे यावर वाद होतो. अशा वेळी दोन्ही हिशेब अर्जात मांडा.

टेबल बदलले तर ती बदली नव्हे. त्याच कार्यालयात, त्याच पदावर एका शाखेतून दुसऱ्या शाखेत काम दिले, तर या कायद्याखाली दाद मागण्यात अर्थ नाही. पण पुण्यातल्या पुण्यात एका कार्यालयातून दुसऱ्या कार्यालयात पाठवले, तर ती बदलीच आहे. कलम २ मधली व्याख्या पद, कार्यालय किंवा विभाग बदलण्याविषयी बोलते. गाव बदलले पाहिजे असे ती कुठेही म्हणत नाही. घर पुण्यातच राहिले म्हणून हक्क जात नाही.

आदेशात काय पाहायचे

आदेश दोनदा वाचा, दुसऱ्यांदा पेन्सिल हातात घेऊन.

तारीख पाहा. कलम ४(४) नुसार सर्वसाधारण बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. शासन पुष्कळदा वेगळा आदेश काढून ही मुदत पुढे ढकलते. तसा आदेश त्या वर्षी होता का आणि तुमच्या संवर्गाला तो लागू होता का, ते तपासा. त्या मुदतीबाहेरची बदली ही मध्यावधी. ती करायची तर पद नव्याने निर्माण झालेले असावे, सेवानिवृत्ती, पदोन्नती वगैरे कारणांनी रिक्त झालेले असावे, नाहीतर अपवादात्मक परिस्थिती किंवा विशेष कारणे लेखी नोंदवून लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घेतलेली असावी.

मध्यावधी आणि मुदतपूर्व या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. मुदत पूर्ण झालेल्या माणसाची ऑक्टोबरमध्ये बदली झाली तर ती मध्यावधी, कलम ४(४). मुदत न भरलेल्याची मे महिन्यात झाली तर ती मुदतपूर्व, कलम ४(५). दोन्ही एकदम असेल तर दोन्ही कलमांची पूर्तता शासनाने दाखवायची. आदेशाच्या डोक्यावर 'कलम ४(४) व ४(५) अन्वये' असे छापले म्हणजे पूर्तता झाली असे होत नाही. तो मजकूर अनेक कार्यालयांत मागच्या वर्षीच्या फाइलमधून जसाच्या तसा उतरलेला असतो.

मग सही. कलम ६ च्या तक्त्यात सक्षम प्राधिकारी दिलेले आहेत: वरिष्ठ वेतनश्रेणीतील गट अ साठी मुख्यमंत्री, उरलेला गट अ आणि सगळा गट ब यांच्यासाठी सचिवांशी विचारविनिमय करून प्रभारी मंत्री, गट क साठी विभागप्रमुख, गट ड साठी प्रादेशिक विभागप्रमुख. मुदतपूर्व बदलीला या शिडीची एक पायरी वरची मान्यता लागते. म्हणजे गट क च्या बदलीला विभागप्रमुखाच्या वर मंत्री, गट ब च्या बदलीला मंत्र्याच्या वर मुख्यमंत्री. काही विभागांनी अधिकार खाली सोपवलेले असतात. ती अधिसूचना वा आदेश मागा, कारण सोपवलेला अधिकार कागदावर नसेल तर नाही.

इथे पुण्याची एक खास गोष्ट. राज्यभराची कितीतरी आयुक्तालये आणि संचालनालये पुण्यात आहेत, त्यामुळे गट क चा सक्षम प्राधिकारी बऱ्याचदा तुमच्याच इमारतीत, दोन मजले वर बसलेला असतो. आदेश झटपट निघतो. मंत्रालयाची पूर्वमान्यता मागाहून येते, किंवा येतच नाही. कायद्यातला शब्द 'पूर्वमान्यता' आहे. कार्योत्तर मान्यता चालत नाही, आणि हाच मुद्दा सर्वाधिक वेळा निर्णायक ठरतो.

शेवटी, तुमच्या जागी कोण येते आहे ते पाहा. त्याच्या नावापुढे 'विनंतीवरून' असे असेल, तर तुमच्या हाती चांगला धागा आला. पुण्यात पदस्थापना मिळावी म्हणून किती जण रांगेत असतात हे सांगायला नको. एकाची सोय लावण्यासाठी दुसऱ्याला मुदतीआधी उचलणे हे 'विशेष कारण' होत नाही, असे मॅटने पुन्हा पुन्हा धरले आहे. उलट तुमच्या नावापुढे चुकून 'विनंतीवरून' पडले असेल, तर त्याच दिवशी लेखी हरकत घ्या. विनंती बदलीला प्रवासभत्ता मिळत नाही, आणि पुढे दाद मागताना 'तुम्हीच तर मागितली होती' हे उत्तर येते.

पहिले दोन-तीन दिवस

दाद मागण्याची मुदत प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम २१ खाली एक वर्षाची आहे. हा आकडा फसवा आहे. स्थगिती मिळण्याची खरी मुदत तुम्ही कार्यमुक्त होऊन नवा माणूस खुर्चीत बसेपर्यंतच असते. एकदा पदभार दिला-घेतला गेला की न्यायाधिकरण 'जैसे थे' ठेवायलाही नाखूश असते, कारण मग एकाला न्याय देताना दुसऱ्याला उठवावे लागते.

त्यामुळे आदेश हातात पडला, किंवा हल्ली पडतो तसा व्हॉट्सअ‍ॅपवर पडला, की त्याच दिवशी तो कधी आणि कसा मिळाला याची नोंद करा. पदभार स्वतःहून घाईघाईने देऊ नका, पण कार्यमुक्तीचा आदेश हातात आला की तो घ्यायला नकारही देऊ नका. घ्या, आणि पोच देताना तारीख-वेळ घालून लिहा: 'माझे कायदेशीर हक्क अबाधित ठेवून स्वीकारले.' एकतर्फी कार्यमुक्त केले असेल, तर त्या क्षणी तुमचा पदभार कोणी घेतला होता का, कपाटाच्या किल्ल्या आणि नस्त्या कोणाकडे होत्या, हे लिहून ठेवा. पदभार प्रत्यक्षात गेलाच नव्हता हे दाखवता आले तर स्थगितीची शक्यता टिकते.

आजारपणाची रजा टाकून गायब होणे हा सर्वांत लोकप्रिय आणि सर्वांत वाईट उपाय. रजेमुळे आदेश थांबत नाही. कार्यालय एकतर्फी कार्यमुक्त करते, रजा मंजूर करणारा अधिकारी तुम्हाला ससूनच्या वैद्यकीय मंडळापुढे पाठवू शकतो, आणि अंतरिम आदेशाच्या वेळी शासनाची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी पहिले वाक्य तेच उच्चारतो. गुजरात विद्युत मंडळ विरुद्ध आत्माराम पोशानी या १९८९ च्या निकालाची प्रत टेबलाजवळ ठेवण्यासारखी आहे. सुरतहून उकाईला बदली झालेला कर्मचारी रुजूच झाला नाही, मंडळाने त्याची सेवा संपवली, आणि सर्वोच्च न्यायालयाने मंडळाची बाजू घेतली. निवेदन दिले आहे किंवा अडचण आहे म्हणून रुजू होणे टाळता येत नाही. स्थगिती हातात नसेल तर जावेच लागते. हक्क राखून रुजू झाल्याने दाद मागण्याचा अधिकार बुडत नाही.

दुसरा लोकप्रिय उपाय म्हणजे आमदारांचे पत्र. महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ मधला नियम २३ सेवाविषयक बाबतीत राजकीय वा बाहेरचा दबाव आणण्यास मनाई करतो. तुमच्या बाजूचे पत्र नस्तीत लागले, की समोरच्याचे शिफारसपत्र दाखवून तक्रार करण्याची तुमची जागा गेली.

निवेदन: एक पान पुरे

बदली आदेशाविरुद्ध ठरावीक वैधानिक अपील नाही, त्यामुळे निवेदनाचे उत्तर येईपर्यंत थांबले पाहिजे असे नाही. तरीही निवेदन द्या, कारण पुढे 'आम्हाला आधी सांगितलेच नाही' हे म्हणणे बंद होते. आवक शिक्का घेतलेली प्रत जपा, सोबत ईमेलही पाठवा. मजकूर साधारण असा:

'मी या कार्यालयात वरिष्ठ लिपिक, गट क, या पदावर दि. … रोजी रुजू झालो. अधिनियमाच्या कलम ३ नुसार माझे दोन पदावधी दि. … रोजी पूर्ण होतात. दि. … च्या आदेशाने माझी बदली त्यापूर्वी व सर्वसाधारण बदल्यांच्या कालावधीबाहेर करण्यात आली आहे. कलम ४(४) चे परंतुक व कलम ४(५) नुसार लेखी कारणे व लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता असल्याचे आदेशावरून दिसत नाही. सबब आदेश रद्द करावा व निर्णय होईपर्यंत मला कार्यमुक्त करू नये.'

घरगुती अडचण असेलच तर शेवटी दोन ओळी. दिव्यांगत्व, गतिमंद पाल्य किंवा गंभीर आजार अशा ज्या बाबींना बदली धोरणात प्राधान्य दिलेले आहे, त्यांचे प्रमाणपत्र जोडा. एका वर्षाच्या आत निवृत्ती असेल तर ते ठळक लिहा: कलम ५ खाली अशा कर्मचाऱ्याची मुदत पूर्ण झाली असली तरी ती वाढवता येते.

एक बारकावा: मॅटने मूळ अर्ज, म्हणजे तिथला दाद मागण्याचा अर्ज, दाखल करून घेतला की प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम १९(४) नुसार त्याच विषयावरचे प्रलंबित निवेदन आपोआप संपते. तेव्हा 'वर बोलणे चालू आहे, दाखल करून ठेवू' असे दोन्हीकडे पाय ठेवून चालत नाही.

नस्ती

कारणे आदेशातच छापलेली असली पाहिजेत असे नाही. ती नस्तीत असली तरी चालते. पण ती आदेशाच्या आधी नोंदवलेली असावी लागतात. 'प्रशासकीय कारणास्तव' हे कारण नसून कारणाचे नुसते शीर्षक आहे. किशोर म्हस्के प्रकरणात २०१३ साली मुंबई उच्च न्यायालयाने सांगितले की मुदतपूर्व विशेष बदली कायद्याप्रमाणे काटेकोरपणे, लेखी कारणांसह आणि सक्षम प्राधिकाऱ्याच्या पूर्वमान्यतेनेच झाली पाहिजे. मॅटच्या निकालांत हा निर्णय सतत आढळतो.

माहितीच्या अधिकारात अर्ज टाका, मात्र महाराष्ट्राच्या नियमांनुसार एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे. शुल्क १० रुपये. 'माझी बदली का केली?' असे विचारू नका. कारण विचारले की 'ही माहिती नव्हे' असे उत्तर येते. कागद मागा: नस्तीची टिप्पणी बाजू आणि पत्रव्यवहार बाजू, बदल्यांची शिफारस करणाऱ्या नागरी सेवा मंडळाच्या बैठकीचे इतिवृत्त, उपस्थितांच्या सह्यांसह, पूर्वमान्यतेचा कागद आणि त्यावरची तारीख, तुमच्याविरुद्धच्या तक्रारी व त्यांवरचे अहवाल, तुमच्या पदावर नेमणूक मागणारी पत्रे. आदेश पुण्यातून निघाला आणि मान्यता मंत्रालयातून, तर दोन्हीकडे स्वतंत्र अर्ज.

उत्तराला ३० दिवस लागतात आणि तोवर स्थगितीची वेळ निघून गेलेली असते. म्हणून मूळ अर्जातच शासनाने मूळ नस्ती न्यायाधिकरणासमोर सादर करावी अशी मागणी घाला. नस्ती समोर आली की पुढच्या जागा बघायच्या: नागरी सेवा मंडळाची बैठक खरोखर भरली की नुसत्याच सह्या फिरवल्या, मंडळाच्या यादीत तुमचे नाव होते की मंत्र्यांच्या टिप्पणीत पहिल्यांदा उगवले, मान्यतेच्या सहीखाली तारीख आहे का, ती आदेशाच्या आधीची आहे का. टी. एस. आर. सुब्रमण्यम प्रकरणातल्या २०१३ च्या निर्देशांनंतर राज्याने ३१ जानेवारी २०१४ च्या शासन निर्णयाने ही मंडळे स्थापन केली. मंडळाची शिफारस डावलता येते, पण मग डावलण्याचे कारण लिहावे लागते.

सर्वसाधारण बदल्यांसाठी ९ एप्रिल २०१८ चा समुपदेशनाचा शासन निर्णयही वाचून ठेवा. पसंतीक्रम मागितलेच नाहीत, किंवा मागितलेले ठिकाण रिक्त असताना दुसऱ्या कनिष्ठाला दिले, असे मुद्दे तिथून येतात. कलम ४(५) इतके ते धारदार नाहीत, पण अर्जाला जोड देतात.

तक्रारीवरून झालेली बदली

शासन प्रतिज्ञापत्रात लिहिते: 'अर्जदाराविरुद्ध तक्रारी प्राप्त झाल्या होत्या.' इथे सामान्य प्रशासन विभागाचे ११ फेब्रुवारी २०१५ चे परिपत्रक उपयोगी पडते. तीन वर्षे न झालेल्या कर्मचाऱ्याची केवळ तक्रारीवरून बदली करू नये, आधी वस्तुस्थिती तपासावी, गरज असेल तिथे अहवाल मागवावा, तथ्य असेल तर शिस्तभंगाची कारवाई सुरू करावी आणि त्याला तिथे ठेवणे योग्य नसल्यास तशी कारणे नोंदवून मग बदली, असा त्याचा रोख आहे. सर्वोच्च न्यायालयाने सोमेश तिवारी प्रकरणात २००९ मध्ये निनावी तक्रारीवरून केलेली बदली रद्द केली, कारण ती बदलीच्या वेशातली शिक्षा होती.

मात्र 'शिक्षा म्हणून बदली' आणि 'दुर्भावनेने बदली' यांत गल्लत करू नका. दुर्भावनेचा आरोप विशिष्ट व्यक्तीवर असतो. त्या व्यक्तीला नावानिशी प्रतिवादी करावे लागते, घटना तारखांसकट द्याव्या लागतात, आणि पुराव्याचे ओझे पूर्णपणे तुमच्यावर. नियमभंगाचा मुद्दा भक्कम असेल तर दुर्भावनेचा मुद्दा सोडून दिलेला बरा. साहेबांवर राग काढण्याच्या नादात चांगला अर्ज ढिला होतो, आणि साहेब उत्तरादाखल तुमचे चार जुने मेमो जोडतात.

अपवाद लैंगिक छळाच्या तक्रारीचा. चौकशी चालू असताना बदलीची शिफारस २०१३ च्या कायद्याच्या कलम १२ खाली पीडित महिलेच्या लेखी विनंतीवरूनच होते. तिने मागितलेली नसताना तिलाच हलवले, तर हा मुद्दा अर्जाच्या अग्रभागी हवा.

मूळ अर्ज आणि पहिली तारीख

अर्ज प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम १९ खाली. शुल्क नाममात्र, खरा खर्च वकिलाचा आणि मुंबईच्या फेऱ्यांचा. वकिलाकडे जाताना एक तक्ता घेऊन जा: तारीख, घटना, कागदाचा पान क्रमांक. त्याखाली क्रमाने पदस्थापना आदेश, रुजू अहवाल, आव्हानित बदली आदेश, कार्यमुक्ती आदेश असल्यास तो, निवेदन आणि पोच, सक्षम प्राधिकाऱ्याची अधिसूचना, लागू शासन निर्णय. फोटो काढलेल्या पुसट प्रती नकोत. वाचता न येणाऱ्या कागदावरून हरकत निघते आणि एक दिवस जातो.

प्रतिवादी करताना आदेश काढणारा प्राधिकारी, विभागाचे सचिव, आणि तुमच्या जागी येणारा कर्मचारी. हा तिसरा राहून जातो. त्याला न ऐकता त्याची पदस्थापना हिरावता येत नाही, त्यामुळे तो पक्षकार नसेल तर स्थगिती अडते. त्याने कॅव्हेट, म्हणजे 'मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये' असा अर्ज, टाकले असण्याचीही शक्यता असते. आधी तपासा आणि अर्जाची प्रत आदल्या दिवशीच द्या. कलम २४ नुसार प्रत दिल्याशिवाय आणि समोरच्याला ऐकल्याशिवाय अंतरिम आदेश सहसा होत नाही. अपवादात्मक स्थितीत झाला तरी तो १४ दिवसांचा. म्हणून मुख्य सादरकर्ता अधिकाऱ्यांच्या कार्यालयात प्रत वेळेवर पोचवणे हे वकिलाच्या युक्तिवादाइतकेच महत्त्वाचे. मेअखेर निघालेले आदेश उन्हाळी सुट्टीत सापडतात. सुट्टीतील कामकाजाच्या तारखा आधी पाहून ठेवा.

मागण्या तीन: आदेश रद्द करावा, अंतिम निकालापर्यंत स्थगिती द्यावी, नस्ती मागवावी. पहिल्या तारखेला बोलायचे मुद्दे दोनच ठेवा. मघाच्या वरिष्ठ लिपिकाचेच घ्या. समजा त्याची सप्टेंबरात सोलापूरला बदली झाली. त्याचे म्हणणे एवढ्यात बसते: गट क, कार्यालयात सव्वातीन वर्षे, मुदत सहा, आदेश सप्टेंबरचा, सही विभागप्रमुखांची, मंत्र्यांच्या पूर्वमान्यतेचा उल्लेखही नाही. यावर न्यायाधिकरण सादरकर्ता अधिकाऱ्याला 'मान्यता दाखवा' असे विचारते आणि प्रकरणाची दिशा तिथेच ठरते. विभागाने मान्यता दाखवली, कारणे नीट नोंदवलेली निघाली, तर स्थगितीचा आग्रह सोडून हक्क राखून रुजू व्हावे आणि अंतिम सुनावणी लढवावी. प्रतिज्ञापत्रात नव्याने रचलेली कारणे आली, तर मोहिंदरसिंग गिल प्रकरणातले १९७८ चे तत्त्व आहेच: आदेशाचे समर्थन त्या वेळच्या कारणांवरच करायचे, मागाहून भर घालता येत नाही.

निकालानंतर

आदेश रद्द झाला म्हणजे पुण्यातली खुर्ची कायमची झाली असे नाही. योग्य कारणे आणि मान्यता घेऊन विभाग नवा आदेश काढू शकतो, आणि मुदत भरली की पुढच्या मे महिन्यात तुम्ही बदलीपात्र असताच. निकालात 'मूळ पदावर परत घ्यावे' असे स्पष्ट शब्द आहेत का ते पाहा. नुसता आदेश रद्द झाला आणि जागेवर दुसरा बसलेला असेल, तर कार्यालय आठवडेच्या आठवडे काढते.

निकालाची प्रत मिळाली की त्याच दिवशी रुजू अहवाल द्या आणि पोच घ्या. रुजू करून घेतले नाही, तर रोज कार्यालयात हजर राहून लेखी नोंद ठेवा. कार्यमुक्ती ते पुनःरुजू हा काळ सक्तीचा प्रतीक्षा कालावधी धरण्याचा प्रस्ताव नंतर याच कागदांवर उभा राहतो. आदेश डावलला गेला तर मॅटला त्याच न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम १७ खाली अवमानाची कारवाई करता येते. निकाल विरुद्ध गेला तर १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून मार्ग ठरलेला आहे: मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठापुढे रिट. शासनही हाच मार्ग धरते, तेव्हा जिंकलेल्यानेही तिथे कॅव्हेट टाकावे.

दरम्यान आस्थापना शाखेकडून दोन गोष्टी लेखी करून घ्या. पगाराच्या सेवार्थ प्रणालीत तुमचे नाव जुन्या कार्यालयाच्या देयकातून काढले असेल तर ते परत जोडणे, आणि अंतिम वेतन प्रमाणपत्र नव्या कार्यालयाला पाठवले असेल तर ते मागे घेणे. स्थगिती असूनही दोन महिने पगार न होण्याचे कारण बहुतेक वेळा एवढेच असते.